तेजसच्या नावाची मूठ

यावल, २० जून २०२४

दीपक,

वर ‘चिरंजीव’ लिहिलेलं नाही आणि आशीर्वादही नाहीत. घाईत राहून गेले असं समजू नकोस. आठ वर्षांनी लिहितो आहे ते कामापुरतं. फोनवर तू मला ब्लॉक करून ठेवलं आहेस, म्हणून धुळ्याला प्रमिलाकडे जाऊन तुझा पत्ता काढला. आपली बहीण तुझ्या बाजूनेही रडते आणि माझ्या बाजूनेही रडते, त्यामुळे फार कष्ट पडले नाहीत.

आधी आईचं लिहितो, नाहीतर प्रमिला तुला कळवेल की भाऊने आईचं काहीच लिहिलं नाही. तिचा उजवा डोळा काचबिंदूने गेला. डाव्याने माणसाचा आकार दिसतो, तोंड दिसत नाही. डॉक्टर म्हणतात तोही टिकणार नाही. तिने एकच रट लावली आहे, डोळा आहे तोवर दीपकचा पोरगा दाखवा. मी म्हटलं, नातू आहे की घरात, माझा कुंदन, घोड्याएवढा झालाय, त्याला बघ. तर तोंड फिरवून बसली.

आता काम. जळगावात मेहरूणच्या गोडाऊनमागे मी केळीच्या पावडरीचं युनिट टाकलं आहे. जे घड व्यापारी नाकारतो, ते सोलायचे, वाळवायचे, दळायचे. युरोपातल्या एका बिस्किटवाल्याला पावडर पसंत पडली. पण तिथला आयातकर भरल्यावर माझा भाव बसत नाही. त्याच बिस्किटवाल्याला तुमच्या बेटावरची पावडर मात्र बिनकराची मिळते. का, तर बेट त्यांच्या देशाच्या मालकीचं. मी कुंदनला नकाशात दाखवायला लावलं. समुद्रात भाकरीचा चुरा सांडावा तसं कुठेतरी पडलं आहे. त्याचं नाव मला अजून उच्चारता येत नाही, म्हणून बेटच म्हणतो. मधे एवढं पाणी, तरी कराराने ते त्यांच्या घरातलं. घरच्या मालाला उंबऱ्यावर कर कोण लावणार?

तेव्हा असं कर. मी पावडर तुझ्या कंपनीच्या नावाने पाठवतो. बेटावर उतरायला नावापुरताच कर लागतो, हे मी चौकशी करून ठेवलं आहे. तू वरचं लेबल बदलायचं, माल बेटावरचाच असल्याचा दाखला जोडायचा, आणि पुढे युरोपात पाठवायचं. तू इथून टिश्यू कल्चरची रोपं करायला शिकवायला तिकडे गेलास. म्हणजे बेटावरची निम्मी केळी आपल्याच वाणाची असणार. मग पावडरीने काय पाप केलंय?

तू म्हणशील, ज्याने मला कानबाईच्या रोटातून काढलं तो आज कोणत्या तोंडाने लिहितोय. काढलं, आणि बरोबर काढलं. विसरला असशील म्हणून सांगतो. श्रावणात कानबाई देवी घरी बसते तेव्हा घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू पडतो, आणि त्याचा रोट भाऊबंदांच्या बाहेर कुणाच्या तोंडात जात नाही. तू तिथल्या बाईशी लग्न केलंस, आम्हाला नंतर फोटो पाठवलास. त्या वर्षीपासून तुझी मूठ बंद. आबा गेले तेव्हाही मी ती उघडली नाही.

अडला हरी गाढवाचे पाय धरी, असं म्हणतात. मी अडलो आहे. पुढचं तू समजून घे.

गिरधर


यावल, १८ जुलै २०२४

चि. दीपक,

तुझं उत्तर प्रमिलाच्या फोनवर आलं, तिने मला वाचून दाखवलं. ‘नाही’ म्हणायला तुला केवढा मजकूर लागला. शिकलेल्या माणसाचं असंच असतं, नकारालाही तो प्रस्तावना लिहितो.

मला समजलं ते असं. बेटाचा माल म्हणायचा तर केळ बेटावर पिकलेलं हवं. किंवा बाहेरून आणलेल्या वस्तूपासून तिथे काहीतरी खरोखर वेगळं बनलं पाहिजे. चाळणं, भरणं, लेबल लावणं याला त्या करारात काम म्हणत नाहीत. हे ऐकून मला जरा लागलं. मी उभा जन्म चाळतो आणि भरतोच आहे. खोटा दाखला दिला तर तुझा परवाना जाईल, खटला होईल, पासपोर्ट जमा होईल, हेही समजलं. माल फक्त पिशवी बदलल्याने दुसरीकडचा होत नाही, हे वाक्य तर मी प्रमिलाला पुन्हा वाचायला लावलं. छान आहे.

आणि मग सगळ्यात खाली, जाता जाता विचारल्यासारखं, तू विचारलंस की यंदा कानबाईला तुझ्या पोराची, तेजसची मूठ पडेल का. ते वाचताना प्रमिलाचा आवाज बदलला. गिऱ्हाईक सगळं दुकान बघून कुठल्या वस्तूपाशी थांबलं, ते धंदेवाल्याला लगेच कळतं.

तर तुझ्याच कायद्याने बघू. पोरगा जन्मला बेटावर, बेटावरच्या बाईच्या पोटी. वाढतो तिथे, बोलतो त्यांची भाषा. तुझं त्यात काय? तू नाव तेजस ठेवलंस. ते लेबल झालं. आणि लेबलाने माल बदलत नाही असं तूच लिहितोस. तुझ्या करारात बसवला तर तुझा पोरगा आपल्या घरचा ठरत नाही, दीपक. मी ठरवलं म्हणून नाही, तू लिहिलंस म्हणून.

वाईट वाटलं असेल. वाटू दे. मलाही त्या फोटोच्या दिवशी वाटलं होतं. आबा ओसरीवर बसून होते, गावात कुणाला काय सांगायचं म्हणून दार लावून घेतलं होतं.

पण करार माणसंच करतात आणि माणसंच वाकवतात. युरोपात तो त्यांचा मंत्री करत असेल, आपल्या घरात मी करतो. तू माझ्या मालाला तुमचा म्हण, मी तुझ्या पोराला आमचा म्हणतो. सौदा बरोबरीचा आहे. या श्रावणात तेजसची मूठ पडेल, तुझीही पडेल. पुढच्या श्रावणात तू त्याला घेऊन ये. आई त्याला चाचपून बघेल. तोवर तिचा डोळा राहिला तर तिचं नशीब, पण हात तर आहेत.

आईला अजून सांगितलेलं नाही. तू हो म्हणालास तर सांगेन. नाही म्हणालास तर तिला एवढंच सांगेन की मी विचारलं होतं आणि दीपक नाही म्हणाला.

गिरधर


जळगाव, १४ ऑगस्ट २०२४

चि. दीपक यास अनेक आशीर्वाद.

घे, लिहिले आशीर्वाद. रविवारी कानबाई बसल्या, परवा सकाळी उठल्या. कुंदनने काढलेला व्हिडिओ तू पाहिलास, प्रमिलाने सांगितलं. पाहून रडलास, हेही सांगितलं.

व्हिडिओत आलं नाही ते लिहितो. आपल्याकडे आई आधी पांढऱ्या चादरीवर प्रत्येकाच्या नावाची गव्हाची ढिगली मांडते आणि मग सगळं एकत्र करून जात्यावर घेते, ते तुला आठवत असेल. यंदा माझी पडली, कुंदनची पडली, तुझी पडली. तुझ्या वेळी तिने माझ्याकडे बघितलं, म्हणजे जिकडे माझा आवाज होता तिकडे. तुझा होकार आला नव्हता, तरी मी म्हटलं, टाक. मग मूठ भरून ती तशीच बसली. म्हणाली, “ही मना धाकलाना पोऱ्यानी मूठ.” आणि मूठ उघडेना. बायका गाणी म्हणायच्या थांबल्या. शेवटी प्रमिलाने तिच्या मनगटाला हात लावला तेव्हा गहू खाली पडला.

तू दाखल्यावर सही करायला तयार झालास हे त्याच संध्याकाळी कळलं. खरं सांगू, मला हसू आलं. एवढा शिकलेला, परदेशात कंपनी काढलेला माणूस, सव्वा मूठ गव्हाला वाकला. मला वाटलं होतं पासपोर्टची भीती जास्त भरेल.

आई नंतर मागे लागली, “त्याना वाटा त्याले धाड. रोटनं पीठ वाळेल शे, बिघडाव नई.” मी साफ नाही म्हटलं. रोट घराबाहेर जात नाही, समुद्रापार तर नाहीच. मूठ टाकली हे पुष्कळ झालं. तिने वाद घातला नाही. मला बरं वाटलं.

आज मेहरूणच्या गोडाऊनमधून माल भरला. आईने हट्ट धरला म्हणून तिला गाडीत घालून आणलं. खुर्ची टाकून दिली, पॅकिंगच्या बायकांमधे बसली. मला विचारते, “हाऊ बठ्ठा माल दीपककडे जाई का?” मी म्हटलं, हो, एकूण एक खोका. मग तिने पदराखालून कुंकवाचा करंडा काढला आणि खोक्यांना चाचपून कुंकू लावत सुटली. मी ट्रकवाल्याशी बोलायला बाहेर गेलो. परत आलो तर सगळे खोके चिकटवून झाले होते आणि आईचं तोंड असं उजळलं होतं की मीच विचारात पडलो. घरी येऊन भाकर मागून घेतली. कित्येक दिवसांत एवढी जेवली नव्हती.

ट्रक आता धुळ्याहून हायवेला लागला असेल. एक ऐक. तुझा विचार असेल की खोके उघडून, माल बाहेर काढून, सगळं नीट नव्याने भरावं. तसलं सोवळं पाळू नकोस. बिस्किटवाला घाईत आहे. कुंकू पुसून वर तुमचं लेबल लाव आणि लगेच रवाना कर. आतल्याला हात लावू नकोस.

पुढच्या श्रावणाची तिकिटं काढून ठेव.

तुझा भाऊ
गिरधर


यावल, १६ जानेवारी २०२५

श्री. दीपक यांस,

तुझं पत्र मिळालं. या वेळी कागदावर लिहिलंस, प्रमिलाला कळू नये म्हणून. कळलं आहे. तिला सगळं कळतं, फक्त उपयोग काही होत नाही.

पहिला माल सुटला, दुसरा सुटला, आणि तिसऱ्या खेपेला, तुझ्या बेटावरच्या गोडाऊनला मागे राहिलेले ऑगस्टमधले खोके तू पाठवलेस तेव्हा, युरोपच्या बंदरात कुणा साहेबाने एक खोका फोडला. आत पावडरीच्या पिशव्यांच्या मधे जुन्या लुगड्याच्या फडक्यात बांधलेली पुरचुंडी. गव्हाचं पीठ, हळदकुंकू आणि एक रुपयाचं नाणं, आणि सगळं जळगावच्या पेपरात गुंडाळलेलं. रुपया तुमच्या बेटावर पिकत नाही, हे ओळखायला साहेबाला फार शिकावं लागलं नसेल. मग एकेक खोका फोडला, मग मागचे कागद उकरले, मग तुला बोलावलं.

पीठ कुणी ठेवलं ते मी तुला सांगायला नको. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात, तसं आपल्या आईचं झालं.

तू लिहितोस की मी कागदावर लिहून द्यावं. माल माझा, कल्पना माझी, घरच्यांच्या दबावाखाली धाकट्या भावाने सही केली. वकील म्हणतो की असं आलं तर शिक्षा हलकी होईल आणि पासपोर्ट श्रावणाच्या आत परत मिळू शकेल. वकील हुशार आहे. दुसऱ्याच्या गळ्यात घंटा बांधायला सगळेच हुशार असतात.

मलाही त्या बंदरातल्या कस्टमवाल्यांचं मेल आलं होतं. कुंदनने उत्तर लिहिलं, मी सांगत गेलो. आम्ही एका परदेशी कंपनीला साधी केळीची पावडर विकली, पुढे त्यांनी काय केलं ते आम्हाला ठाऊक नाही. एक प्रश्न असा होता की त्या कंपनीचा मालक तुमचा नातेवाईक आहे का. कुंदन थांबला, माझ्या तोंडाकडे बघायला लागला. मी म्हटलं, ‘नाही’ लिही.

लगेच शिव्या देऊ नकोस. दोघेही बुडालो तर आईला कोण बघणार? शिवाय कुंदनचं लग्न जमत आलं आहे. धुळ्याचं घर आहे, माणसं मोठी आहेत. त्याच्या होणाऱ्या सासऱ्याला पहिल्याच भेटीत सांगू का की माझ्यावर परदेशात खटला आहे? तुझं लग्न तर होऊन गेलं. तू कुणाला विचारलं नव्हतंस, मीही आता विचारत नाही.

आईला मी सांगितलं. का लपवायचं? म्हटलं, तुझ्या पुरचुंडीने तुझ्या लाडक्याला अडकवलं, आता तो येत नाही आणि त्याचा पोरगाही येत नाही. मला वाटलं होतं रडेल. ती एवढंच म्हणाली, “पीठ त्याले भेटनं नई का?” मी म्हटलं, पीठ सरकारी कपाटात आहे, पुरावा म्हणून.

त्यानंतर ती माझ्याशी बोललेली नाही. डावा डोळाही परवा संक्रांतीला गेला.

गिरधर


यावल, १० ऑगस्ट २०२५

दीपक,

तुझ्या बाईने प्रमिलाला लिहिलं की तुझी कंपनी बंद झाली, खटल्याची तारीख पुढे गेली, आणि निकाल लागेपर्यंत तुला बेट सोडता येणार नाही. पोरगा शाळेत आजीचं चित्र काढतो असंही लिहिलं. न पाहिलेल्या बाईचं कसं काढतो कोण जाणे.

पेपरात येतं आहे की भारताची युरोपाशी कराराची बोलणी जोरात आहेत. झाला तर आपला माल सरळ जाईल. मग तुमच्या बेटाला कोण विचारतो? मी थोडा थांबायला हवं होतं, असं मनात आलं. तुझ्यासाठी नाही, धंद्यासाठी.

आता ज्याच्यासाठी लिहायला बसलो ते लिहितो. गेल्या रविवारी कानबाई बसल्या. आदल्या दिवशी आईने चादर मागितली, गव्हाची पाटी मागितली. ती चाचपून मांडत होती, प्रमिला शेजारी बसली होती. कुंदनची मूठ पडली. तुझी पडली. तेजसची पडली. मग तिने हात झटकले.

मी म्हटलं, आई, माझी राहिली.

किती महिन्यांनी बोलली. म्हणाली, “तूच लिखं ना, नातं नई शे. मंग तुनी मूठ मी कसाले टाकू?”

‘नाही’ लिहिल्याचं तिला प्रमिलाने सांगितलं असणार. मी म्हटलं, ते दीपकशी नाही असं लिहिलं, तुझ्याशी नाही असं नव्हे. तर म्हणाली, “दीपक मना शे. त्याना पोऱ्या मना शे. तू वेपारी शे.”

मला फार राग आला असं लिहिणार होतो. राग आलाच. पण त्याहून जास्त वाईट वाटलं. जन्मभर या घरात राबलो, आबांना खांदा दिला, तिची औषधं आणली, तिला हाताला धरून मोरीपर्यंत नेतो ते मीच. तू फोटो पाठवायचास. आणि मोजताना मी नाही.

प्रमिला समईत तेल घालायला उठली. आई भिंतीला टेकून काहीतरी पुटपुटत होती. मी चादरीपाशी बसलो. तेजसची ढिगली उचलली आणि कोठीतल्या गव्हात टाकली. घरातल्या इतर गव्हासारखाच गहू तो, आता शोधून सापडायचा नाही. तिच्या जागी माझी मूठ टाकली. माझा पंजा मोठा, म्हणून थोडा गहू काढून ढिगली तेवढीच केली. ते काम मला येतं.

मग आईने हात पुढे करून एकेक ढिगली चाचपली. तीन भरल्या. शेवटच्या ढिगलीवर तिने हात ठेवला आणि काढलाच नाही. अंगठ्याने दाणे सारखे करत होती, पोराच्या डोक्यावरून फिरवावा तसा. म्हणत होती, “मना तेजस, मना सोन्या, कवय येसी रे तू?” मी समोर बसून होतो. श्वासही मोठा घेतला नाही. लहानपणी ताप आला की ती माझ्या कपाळावर असाच हात ठेवायची. नंतर तू झालास.

गहू एकत्र झाला, जात्यावर गेला, रोट झाला. आईने पहिला घास तेजसच्या नावाने घेतला. मीही खाल्ला. गोड होता.

प्रमिलाला कळवून बघ. ती आईला सांगेल, आणि मी म्हणेन की भाऊबंदकीपायी तू खोटं लिहितोस. आई कुणाचं खरं मानेल ते मला ठाऊक आहे. पण मग तिला हेही कळेल की त्या दिवशी तिने हात कुणाच्या गव्हावर फिरवला. आंधळ्या म्हातारीला ते कळू द्यायचं की नाही, ते तू ठरव. तू मऊ मनाचा आहेस, म्हणून मला काळजी नाही.

रोट पौर्णिमेच्या आत संपवायचा असतो. काल पौर्णिमा होती. संपला.

गिरधर